हवालदाराची परेड

काठी जानरावच्या दुखऱ्या गुडघ्यावर बसली.

“टाच जोड, गधे! तुले फौजेत घेतलं कोनं?” हवालदार धनसिंग गरजला.

जानरावने टाचा जोडल्या. कानशिलं तापली होती. दोघांनाही फौज सोडून बरीच वर्षं झाली होती, तरी किन्हीराजा गावात रोज सकाळी धनसिंगच्या अंगणात हा तमाशा चालायचा. शेताकडे निघालेली माणसं कुंपणाशी थांबून दात काढायची.

आज जानरावची पोरगी पिंकी वाशीमहून आली होती. तिने रस्त्यावरूनच पाहिलं आणि तरातरा आत शिरली.

“बाबा, चला घरी! हा कोन लागून गेला तुमाले मारनारा? अन् तुमी कायले मार खाऊन राह्यले?”

“पिंके, तू जाय.”

“नाही. मालेगावले पोलीस ठाण्यात चला, आत्ताच.”

धनसिंगने काठी तिच्यावर रोखली. “परेडीत बाई कोनं आनली? हाकल तिले! नाहीतर दोघाईले सोलून काढतो!”

जानरावच्या डोळ्यांत रक्त उतरलं. स्वतःला बोललेलं तो गिळत आला होता, पोरीला बोललेलं गिळवेना. त्याने काठी हिसकली आणि उगारली. धनसिंग मागे सरकला, भिंतीला टेकला आणि दोन्ही हात डोक्यावर धरून मटकन खाली बसला.

काठी हवेतच राहिली. जानरावने ती फेकून दिली.

“चाल,” तो पोरीला म्हणाला.

फाटकाशी त्याने मागे वळून पाहिलं. धनसिंग तसाच बसून होता, नजर जमिनीत.

जानराव परतला. त्याने काठी उचलून धनसिंगच्या हातात दिली, त्याला धरून उभं केलं आणि समोर छाती काढून ताठ झाला.

“गलती झाली, उस्ताद.”

धनसिंगची मान वर आली, आवाज फुटला, आणि त्याने जानरावच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. बाहेर कोणीतरी शिट्टी मारली. जानराव हलला नाही.

“विसर्जन!” अखेर हुकूम सुटला. धनसिंग ऐटीत घरात गेला.

“लाज कशी वाटत नाही तुमाले?” फाटकाशी पिंकी रडत म्हणाली.

तेवढ्यात धनसिंगची बायको, बेबीताई, मागून धावत आली आणि तिने वाकून जानरावच्या पायांना हात लावला.

“सुभेदारसाहेब, तुमचा हुद्दा त्याइच्याहून मोठा, माफ करा. मलेबी वळखत नाहीत ते आता. पन तुमी शिव्या खाल्ल्या का मंग ते पोटभर जेवतात.”