पाहुण्यांचा अल्प परिचय

निशिकांत माइकपाशी आला तेव्हा त्याच्या हातात कागद नव्हता. मंडळातल्या जाणत्या माणसांनी तिथेच घड्याळाकडे पाहिलं. कागद असला की तो कधीतरी संपतो.

२०१४ सालचा गणपतीचा कार्यक्रम, सिंगापूरमधला सेरंगूनचा हॉल, आणि तोही सहापर्यंतच मिळालेला. सहानंतर आवाज बंद म्हणजे बंद. पाच केव्हाच वाजून गेले होते. स्टेजवर ड्रमसेटच्या मागे डेस्मंड हार्कनेस बसले होते. वय चौऱ्याहत्तर. इंग्लंडमध्ये आधी जॅझ-फ्यूजन, मग हेवी रॉक वाजवून आता पासिर रिसला मुलीकडे राहत होते. नेहमीचा ऑर्केस्ट्रा नको, या वर्षी यांचा सोलो ठेवू, असं संजीवनीने कमिटीत भांडून ठरवलं होतं. सोलो रंगला नाही, तर पुढच्या वर्षी पुन्हा तोच ऑर्केस्ट्रा आणि वर्षभर तिला टोमणे.

"पाहुण्यांचा अल्प परिचय करून देतो," निशिकांत म्हणाला. मग पाहुण्यांना कळावं म्हणून तेच इंग्रजीत म्हणाला. म्हणजे परिचय दोनदा होणार होता.

सुरुवात शेफील्डमधल्या जन्मापासून झाली. लहानपणी आईचा बिस्किटांचा डबा बडवून त्याला पोचे आणले, इथपर्यंत ठीक होतं. मग निशिकांत जॅझ-फ्यूजनकडे वळला. "जॅझ-फ्यूजन म्हणजे मिसळ. ती खायची. यात मटकी कुठली आणि फरसाण कुठलं, असं विचारत बसायचं नाही." लोक हसले. लोक हसले की निशिकांतला चेव येतो. "आणि हेवी रॉक म्हणजे तीच मिसळ, फक्त तर्री जास्त!" हे इंग्रजीत सांगताना मिसळ म्हणजे काय ते आधी समजावावं लागलं. त्यात आणखी वेळ गेला.

मग बँड आले. एक बँड फुटला, कारण गायकाला अचानक देव भेटला. दुसरा विमानतळावर फुटला, सामानाच्या वजनावरून. तिसऱ्यातून डेस्मंडना काढलं, परत घेतलं आणि परत काढलं. दर वेळी निशिकांत असा हळहळला, जणू घरातल्याच कोणाची नोकरी गेली होती.

संजीवनी स्टेजच्या कडेला येऊन मनगटावर बोट आपटू लागली. निशिकांतने तिच्याकडे पाहून मान डोलावली आणि पुढे चालू ठेवलं. शेवटी ती पाण्याचा ग्लास घेऊन थेट माइकपाशी गेली आणि त्याच्या कानात म्हणाली, "अहो, आवरा आता!" तो पाणी प्यायला, ताजातवाना झाला आणि १९८० सालात शिरला.

"आई, व्हेन इज अंकल गोइंग टू ड्रम? सो लाँग लाह!" पहिल्या रांगेतून संजीवनीच्या लेकीने, गार्गीने हॉलभर ऐकू जाईल असं विचारलं.

आता डेस्मंडच याला थांबवतील, या आशेने संजीवनीने तिकडे पाहिलं. त्यांनी स्टिक्स खाली ठेवल्या होत्या. सुरुवातीला ते पाहुण्याने हसावं तसं हसत होते. आता हसत नव्हते, पुढे झुकून ऐकत होते. तेवढ्यात त्यांनी हात वर केला. सुटलो एकदाचे, असं संजीवनीला वाटलं.

"ऐंशी नाही, एक्याऐंशी," डेस्मंड इंग्रजीत म्हणाले. "सॉरी. गो ऑन."

निशिकांतला 'गो ऑन' म्हणणारा माणूस जन्मात भेटला नव्हता. त्याचा आवाज चढला.

"आयर्न पॅरिश या बँडची सगळ्यात खपलेली रेकॉर्ड घ्या. तिच्यावर ड्रमर म्हणून नाव कोणाचं? दुसऱ्याच गृहस्थांचं! मी ऑडिटर माणूस, मला ते पटेना. इंग्लंडमधल्या तीन म्हाताऱ्यांना ईमेल करकरून विचारलं. तिघांचं उत्तर एकच. वाजवलं कोणी? यांनी!"

ती रेकॉर्ड हॉलमध्ये कोणीही ऐकलेली नव्हती. तरी टाळ्यांचा कडकडाट झाला. आपल्या माणसावर अन्याय झाला की आपल्याला चीड येते, आणि डेस्मंड एव्हाना आपले झाले होते.

टाळ्या थांबायच्या आत हॉलचे केअरटेकर लिम अंकल किल्ल्या घेऊन दारात उभे राहिले. "सिक्स ओ'क्लॉक, सिस्टर. ड्रम कॅनॉट."

शाल आणि श्रीफळ घाईघाईत दिलं गेलं. लोक निशिकांतकडे डोळे वटारत बाहेर पडले. संजीवनी अगदी रडवेली झाली होती. सोलो राहिला, आम्हाला माफ करा, असं ती डेस्मंडना पुन्हा पुन्हा म्हणत राहिली.

"माफी कसली?" डेस्मंड इंग्रजीत म्हणाले. "पन्नास वर्षं प्रत्येक शोमध्ये गायक सगळ्यांची ओळख करून द्यायचा. ड्रमरची सगळ्यात शेवटी. तोवर लोक ओरडायला लागलेले असायचे. माझं नाव कधी कोणाला ऐकूच गेलं नाही. मलासुद्धा."

त्यांनी नव्या शालीच्या टोकाने डोळे पुसले. मग ते निशिकांतकडे गेले. निशिकांत एका कोपऱ्यात अपराधी चेहऱ्याने माइकची वायर गुंडाळत होता.

"माझ्या फ्युनरलला तुम्ही बोलाल का?" त्यांनी विचारलं.

 वायर टाकून निशिकांतने डेस्मंडचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला.

"नक्की," तो म्हणाला. "फक्त तारीख जरा आधी कळवा. मला तयारीला महिना लागतो."