मघाचं रडू

"काका, थोडं डावीकडे सरका. हां, बस. मला फक्त खांदा हवाय तुमचा," कॅमेरामन म्हणाला.

काका सरकले. खांदा देण्यात त्यांचा हात धरणारा या धंद्यात कोणी नव्हता. पडदाभर हिरोचा चेहरा दिसायचा आणि कडेला ज्याचा धूसर कान नि अर्धा खांदा असायचा, ते काका. सकाळी निघताना "खांदा द्यायला जातोय" म्हणाले की बायको हटकून विचारायची, "अगंबाई, कोण गेलं?" आणि स्वतःच खो खो हसायची.

आज मात्र ती हसली नव्हती. आज आधी हिरोचा क्लोजअप होता, आणि मग कॅमेरा फिरवून काकांचा. उभ्या जन्मातला पहिला. घर सोडून गेलेला मुलगा परत येतो आणि म्हातारा बाप त्याला म्हणतो, "दार उघडंच होतं रे. तूच उशीर केलास." वाक्य एवढंच. पण ते म्हणताना काकांचं तोंड दिसणार होतं, डोळ्यांतल्या पाण्यासकट. मेकअपवाल्याने "काका, ग्लिसरीन घालू का डोळ्यांत?" म्हणून विचारलं, तर काकांनी त्याला उडवूनच लावलं. खरं रडणार होते ते. दुसरं काय राखून ठेवलं होतं इतकी वर्षं!

"ॲक्शन!"

हिरो दारातून आत आला. काकांची पाठ कॅमेऱ्याकडे. अशा वेळी वाक्य नुसतं पुटपुटायचं, जीव आपल्या पाळीसाठी शिल्लक ठेवायचा, हे काकांनीच कितीतरी नवख्यांना शिकवलं होतं. पण तो पोरगा समोर अशी काही मान खाली घालून उभा राहिला की काकांना राहवलंच नाही. "दार उघडंच होतं रे," ते म्हणाले, आणि आवाज फाटला. डोळे भरून आले, ओठ थरथरले, हनुवटीवरून पाणी ओघळलं. हिरोने मान वर करून ते पाहिलं मात्र, आणि तोही ओक्साबोक्शी रडायला लागला.

"कट!" दिग्दर्शक खुर्चीतून उठलाच. दिवे धरणारेसुद्धा डोळे पुसत होते. टाळ्या काय, मिठ्या काय, सगळे हिरोभोवती गोळा झाले.

"काका, हे तुमच्यामुळे हो," हिरो जाता जाता म्हणाला. मनापासून म्हणाला. आणि गाडीत बसून निघून गेला, त्याला दुसऱ्या शूटिंगला पोहोचायचं होतं.

मग कॅमेरा फिरला. दिवे काकांच्या तोंडावर आले. हिरोच्या जागी आता स्क्रिप्ट सांभाळणारी बाई उभी राहिली आणि कागदात बघून, भाजीचा भाव सांगावा तशी म्हणाली, "बाबा, मी आलो."

"दार उघडंच होतं रे," काका म्हणाले. डोळे कोरडे ठणठणीत. पुन्हा घेतलं. काकांनी ओठ थरथरवून पाहिले, तर थंडी वाजल्यासारखे दिसले. पुन्हा. त्यांनी श्वास कोंडला, नको नको ते आठवून पाहिलं, मेलेल्या आईलाही डोळ्यांसमोर आणलं. छे! टिपूस येईल तर शपथ. शेवटी त्यांनी स्वतःच हळू आवाजात ग्लिसरीन मागितलं. डोळे वाहिले, पण चेहरा मख्खच राहिला.

दिग्दर्शक जवळ आला. "काका, मघाचं काय सुंदर होतं हो!"

"मग ते..."

"मघाशी कॅमेरा तिकडे होता ना. आवाज आहे तुमचा, तो हिरोच्या चेहऱ्यावर लावू. हा आत्ताचा शॉट नको वापरायला." माणूस चांगला होता. बोलताना त्यालाही वाईट वाटत होतं.

बायकोचा फोन आलाच. "झाला का हो क्लोजअप?"

"झाला."

"रडलात?"

"रडलो ना. सगळे रडले."

यातलं एक अक्षर खोटं नव्हतं. "अगं ए, ऐकलंस का?" ती तिकडे लेकीला ओरडून सांगायला लागली, "बाबांनी सगळ्यांना रडवलं! आता बघच, रस्त्यात लोक ओळखतील त्यांना!"

काकांनी फोन कानापासून लांब धरला. दिवे विझले होते, कॅमेरा पेटीत गेला होता. आणि आता त्यांना रडू फुटलं. अगदी मघासारखं. गालांवरून, हनुवटीवरून, गळ्यावरून, थांबता थांबेना.

कपडेपट सांभाळणारा धावत आला. "अहो काका, आधी तो कोट काढा! कॉलर भिजेल. उद्या दुसऱ्याच्या अंगावर घालायचाय."