गुरुवारचा गजर

"मंदाताई, फाटक उघडा, क्लोरीनचा टँकर आत घ्या," जलशुद्धीकरण केंद्राच्या पडद्यावरून राजाध्यक्षसाहेब म्हणाले.

चेहरा, आवाज, मधला खोकलासुद्धा त्यांचाच. पण हल्ली हे सगळं कुणीही पांघरून बोलायचं.

"साहेब, आधी आपल्या गुरुवारच्या भजनातला गजर म्हणून दाखवा."

साहेबांनी म्हटला. गोड, अगदी सुरात. मंदाताईंनी फाटकाला हात न लावता पोलिसांना कळवलं. टँकरमध्ये विष निघालं.

संध्याकाळी खरे साहेब धापा टाकत आले. "ओळखलंत कसं?"

"पडद्यावरचे तुम्ही सुरात गायलात हो!"

साहेब ओशाळले. "म्हणून तर बुवांकडे शिकवणी लावलीय."

"ती आजच बंद करा," मंदाताईंनी हात जोडले. "पांडुरंगाला तुमचं बेसूर गाणं चालतं, साहेब. आणि अख्ख्या गावाला हे पाणी प्यायचंय."