गुरुवारचं बिऱ्हाड

"अहो, आज पुन्हा उशीर! जेवण गार झालं की सगळं!"

तामाएबाई खिडकीपाशी बसल्या बसल्याच कडाडल्या. कुगांनी दारात बूट काढले, सपाता घातल्या आणि नेहमीचं उत्तर दिलं, "काय करू ओकिनू, गिऱ्हाईक उठेचना." दुपारचे चार वाजले होते. जेवण नव्हतं, दुकान नव्हतं, गिऱ्हाईक तर नव्हतंच. हा झुशी गावातला वृद्धाश्रम होता आणि ओकिनू नावाची बाई जगात कुठेच नव्हती.

ती होती टीव्हीवर, दर गुरुवारी रात्री आठ वाजता. चटयांच्या दुकानाची ती मालिका सतरा वर्षं चालली. कुगा तिच्यात दुकानदार आणि तामाएबाई त्यांची बायको ओकिनू. प्रत्येक भाग याच दोन वाक्यांनी सुरू व्हायचा. बाजारात लोक कुगांना थांबवून विचारायचे, "काय हो, वहिनी बऱ्या आहेत ना?" त्यांची खरी बायकोही हसून म्हणायची, "तुमची गुरुवारची बायको माझ्यापेक्षा गोड बोलते हं." ती बिचारी जाऊनही आता बरीच वर्षं झाली.

तशी कुगांची कारकीर्द मरण्यापासूनच सुरू झाली. मिसरूड फुटायच्या वयात ते क्योतोच्या सिनेमा-स्टुडिओत आले आणि नदीकाठच्या चिखलात मुडदा होऊन पडले. मग तलवारबाज झाले. थिएटरं ओस पडली तसे टीव्हीवर हवालदार झाले, डॉक्टर झाले, बाप झाले, आजोबा झाले. शेवटी शेवटी तर मालिकांत त्यांचा नुसता फोटो असायचा, पितरांच्या देव्हाऱ्यात, वारलेल्या आजोबांचा. काल शेवटचं काम संपलं. सहायक दिग्दर्शकानं मोठ्यानं नाव पुकारलं, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, हातात फुलं दिली. तशी रीतच आहे. तीच फुलं घेऊन कुगा आज आले होते. पण खरं अवघड काम अजून उरलं होतं.

रविवारी मुलगी त्यांना दूर उत्तरेला, साप्पोरोला नेणार होती. कायमचं. हे या बाईला सांगायचं कसं?

दोन वर्षांपूर्वी ते इथे पहिल्यांदा आले, तेव्हा "सुप्रभात, तामाए-सान" म्हणायला त्यांनी तोंड उघडलं होतं. स्टुडिओतली माणसं भर दुपारी भेटोत नाहीतर मध्यरात्री, म्हणतात सुप्रभातच. पण त्यांच्या तोंडून शब्द फुटायच्या आत तामाएबाईच म्हणाल्या, "अहो, आज पुन्हा उशीर!" कुगांना वाटलं, एवढी मोठी नटी, आणि मालिकेलाच संसार समजून बसली! रडू कसंबसं आवरून त्यांनी पुढचं वाक्य म्हटलं. तेव्हापासून दर गुरुवारी म्हणत आले.

"ओकिनू," आता ते म्हणाले, "मी जरा थोरल्या भावाकडे जाऊन येतो. उत्तरेला. त्याचं ते... त्याचं..."

मालिकेच्या एका जुन्या भागातलं हे वाक्य घोकून घोकून पाठ केलेलं, पण नेमकं इथेच गेलं. तामाएबाईंनी चहाचा कप तोंडाशी नेला. कपाआडून हळूच आवाज आला, "छप्पर गळत असेल."

"हां, छप्परच!"

सेटवरही कुगा वाक्य विसरले की त्या अशाच कपाआडून सांगायच्या. डोकं गेलं तरी हाडात मुरलेलं जात नाही, कुगांच्या मनात आलं.

"जा की मग. दुकान मी बघते," तामाएबाई म्हणाल्या. "पण लवकर या हो. एकटीला घर खायला उठतं."

हे शेवटचं वाक्य मालिकेत कधीच नव्हतं. कुगांनी फुलं त्यांच्या मांडीवर ठेवली आणि मागे न बघता बाहेर पडले.

व्हरांड्यात नोनोमुरा नावाची नर्स भेटली. "पोरी, त्यांच्याकडे लक्ष असू दे," कुगा म्हणाले. "मी आता येणार नाही. नवऱ्याची वाट बघत बसतील बिचाऱ्या."

"नवऱ्याची?" नर्स गोंधळली. "तामाए-सानचं तर लग्नच झालेलं नाही. रोज शब्दकोड्यात आम्हा सगळ्यांना हरवतात त्या." मग तिनं जीभ चावली. "आजोबा, रागावू नका हं. पहिल्याच दिवशी त्यांनी आम्हाला बजावलंय. म्हणाल्या, मी आपलं गमतीनं जुनं वाक्य टाकलं, तर बिचारे डोळ्यांत पाणी आणून पुढचं बोलायला लागले. भ्रम झालाय त्यांना, मला बायको समजतात. कुणी त्यांना दुखवू नका, मी सांभाळून घेते."

 कुगांना हसू फुटलं आणि त्या हसण्यातच रडूही आलं. तसेच मागे फिरून त्यांनी दार सरकवलं. तामाएबाई फुलांत तोंड खुपसून हुंदके देत होत्या. कुगांनी कमरेतून वाकून नमस्कार केला.

"सुप्रभात, तामाए-सान."

बाई दचकल्या. बाहेर ऊन कललं होतं. त्यांनी कुगांना खालून वर न्याहाळलं.

"कुगा-सान? म्हणजे... डोकं ठिकाणावर आहे तुमचं?"

"तुमच्याइतकंच."

"दोन वर्षं! दोन वर्षं मला रडवलंत, लबाड कुठले!" हसता हसता त्यांना ठसका लागला. मग त्यांनी विचारलं, "आणि तो थोरला भाऊ?"

"भाऊ कसला! मुलगी साप्पोरोला नेतेय. रविवारी. कायमचं."

"तुम्हाला जायचंय?"

कुगांना या वेळी कुणी काही सुचवलं नाही. "नाही," ते म्हणाले. "गुरुवार सोडला तर माझ्याकडे आहे काय?"

तामाएबाईंनी डोळे पुसले, पदर सावरावा तशी शाल सावरली आणि ताठ बसल्या.

"मग मुलीला फोन लावा अहो. म्हणावं, शूटिंग लांबलंय."