ळचा ल

ह्यांच्या प्रवचनांची टिपणं नात मालविका कॉम्प्युटरवर चढवत होती. पानाचा फोटो काढला की हस्ताक्षराची छापील अक्षरं होऊन येत. ब्रह्मा घाटावरच्या घरात बऱ्याच दिवसांनी कुणाचा तरी आवाज होता, म्हणून मीही मूळ पानं घेऊन शेजारी बसले.

"अगं, सगळे ळ गेले की! काळाचा काल झालाय."

"मशीनला हिंदी वाटतंय, आजी. सगलं समजतं ना? चलता है!"

मग तिने स्क्रीनवर बोट ठेवलं. "ये बकुला कौन है? आजोबांनी जागोजाग लिहिलंय, 'बकुलाला विचारणे'. कोई चेली थी क्या?" ती खट्याळ हसली.

लग्नात माझं नाव बदलून शरदिनी ठेवलं होतं. माहेरच्या नावाने हाक मारणारे शेवटी हे एकटेच उरले होते. ते गेल्यापासून ते नाव कानावर पडलं नव्हतं.

"मीच ती. बकुला नाही गं, बकुळा. एकदा हाक मारून बघ."

तिने माझा हात हातात घेतला.

"बकुला," ती प्रेमाने म्हणाली.