तक्त्याची शेवटची ओळ

"काच अशी पकडलीस तर बोटांचे ठसे उमटतील," ती म्हणाली. "कडेला धर. आणि पेशंटच्या तोंडाकडे नको, डोळ्यांकडे बघ."

नायिका झालेल्या मुलीने मान डोलावली आणि काच कडेला धरली. कॅमेऱ्याशेजारून नवरा म्हणाला, "शेवटी खऱ्या मॅडम त्या खऱ्या मॅडम." सगळं युनिट हसलं.

दुकान तिचंच, चौकातलं. पुढे चष्म्यांच्या फ्रेम, मागे डोळे तपासायची चिंचोळी खोली. रविवारी दुकान बंद असायचं म्हणून शूटिंगही रविवारीच. अकरा रविवार तिने स्वतः शटर उघडलं, बारा जणांचा चहा केला, आपला पांढरा कोट नायिकेला दिला. तो कोट त्या मुलीला खांद्यात सैल होत होता, तर मागून चिमटे लावून दिले. नवऱ्याचा हा पहिलाच सिनेमा. निर्माता नाही, नावाजलेला नट नाही. चार मित्र, मागून आणलेला कॅमेरा आणि बायकोचं दुकान.

गोष्ट त्या दोघांचीच होती. आठ वर्षांपूर्वी एक तरुण डोळे तपासायला आला. तक्त्यावरची वरची ठळक अक्षरंसुद्धा त्याला धड वाचता येईनात. काचा बदलून बदलून तिने हात टेकले. आठ दिवसांनी तो परत आला, तेव्हा आधी चुकलेली अक्षरं बिनचूक वाचली आणि आधी बरोबर वाचलेल्यांत चुकला. पाचव्या खेपेला तिला कळून चुकलं, की या माणसाची नजर ठणठणीत आहे. तरी ती काचा लावत राहिली. सातव्या खेपेला त्याने तक्त्याची शेवटची ओळ, जी भल्याभल्यांना दिसत नाही, एका दमात वाचली: "मॅडम, माझ्याशी लग्न कराल?"

तक्त्यावर तसलं काही नव्हतं. ती हातात काच धरून तिथेच रडायला लागली.

या जागेवरून सेटवर थोडं वाजलं. नायिकेचं म्हणणं, इथे बाई हसेल, कॉमेडी आहे ना?

"नाही, रडायचं," नवरा म्हणाला. "हसलीस की सीन पडतो. मला माहीत आहे."

कोपऱ्यात कप विसळताना तिला भरून आलं. त्याच्या आठवणीचं तिला फार कौतुक होतं. तिसऱ्या भेटीत ती काय बोलली, कुठे अडखळली, कधी घड्याळाकडे पाहिलं, सारं त्याला तोंडपाठ. ती स्वतः कधीच विसरून गेली होती. एवढं कोण कुणाचं लक्षात ठेवतं, असं ती बहिणीला फोनवर सांगायची. बहीण म्हणायची, नशीब काढलंस.

सिनेमा तयार झाला आणि कुणी विचारीना. दोन महोत्सवांनी साभार परत केला. शेवटी एका जुन्या थिएटरने दुपारचा एक खेळ दिला. पहिल्या दिवशी चौदा प्रेक्षक, त्यातले नऊ घरचे. नवरा पडद्याकडे न बघता त्या पाच परक्यांकडेच बघत बसला होता. ते हसले, हसले आणि शेवटी त्यांनी डोळे पुसले. दुसऱ्या आठवड्यात रांग चौकाच्या दिशेला वळली. एका वर्तमानपत्रात परीक्षण आलं, की असं प्रेम कुणाला रचता येत नाही, ते जगावंच लागतं. तिने ते कापून काउंटरच्या काचेखाली ठेवलं.

लोक दुकान शोधत यायला लागले. जोडपी तक्त्यासमोर उभी राहून फोटो काढायची. एक आजोबा तर हटून बसले, डोळे तपासीन तर सिनेमातल्या मॅडमकडूनच. खोटं कशाला, तिला हे सगळं आवडत होतं.

मग परदेशातल्या एका महोत्सवाचं बोलावणं आलं. नवरा गेला, बरोबर नायिकाही. शेजारच्या दुकानदारणीने भुवया उंचावल्या, तर तिने ते हसण्यावारी नेलं. जो माणूस तिच्यासाठी सात वेळा आंधळा झाला, त्याच्यावर काय संशय घ्यायचा?

तो तिकडे असतानाच एका संस्थेचं पत्र आलं. त्यांना प्रदर्शनात मांडायला पटकथेचा हाताने लिहिलेला पहिला खर्डा हवा होता. तिने फोनवर सांगितलं.

"हाताने लिहिलेलं काही नाही गं," तो म्हणाला. "सगळं कॉम्प्युटरवरच केलं. त्याचीच प्रत दे."

तिला हळहळ वाटली. पण दोन दिवसांनी, भर दुपारी, धाकटी नणंद दुकानात खोकं घेऊन हजर झाली. माहेरचं माळ्यावरचं सामान ती काढत होती.

"दादाच्या वह्या, वहिनी. रद्दीत जात होत्या. एकीवर पिक्चरचं काहीतरी आहे, म्हटलं तुला लागेल."

नणंद चहा न घेताच गेली. बाहेर एकच पेशंट बसला होता. त्याच्या डोळ्यांत थेंब घातले होते, वीस मिनिटं हाताशी होती. तिने निळ्या पुठ्ठ्याची वही उघडली. शाईच्या सुबक अक्षरात सगळा सिनेमा होता: चिंचोळी खोली, चुकीची अक्षरं, शेवटची ओळ. नवरा किती विसरभोळा, असं म्हणत ती हसलीसुद्धा.

मग पहिल्या पानावरची तारीख दिसली. दहा वर्षांपूर्वीची, दोघांच्या पहिल्या भेटीच्याही आधीची. त्याने साल चुकवलं असणार, असं तिला वाटलं. पण पुढच्या पानांच्या समासात पेन्सिलीने बारीक टिपणं होती, अक्षर त्याचंच.

'स्टेशनजवळचं दुकान. रोज गेलो. तिसऱ्या खेपेला हाकललं. मध्ये आठ दिवस जाऊ द्यावेत.'

'बाजारातलं दुकान. शेवटच्या ओळीला हसली. सीन पडला.'

बाहेरून पेशंटने विचारलं, मॅडम, अजून किती वेळ? ती पानं उलटत शेवटाकडे आली.

'चौकातलं दुकान. सातवी खेप. रडली. सीन जमला. पण हो म्हणाली. आता नाही कसं म्हणायचं?'