डोंगर बुडेपर्यंत

"मागं बघायचं नाही," विल्टन काका म्हणाले. "बघितलंस की संपलं. होडी माझ्या पोराची, लेनॉक्सची."

"माहितेय," मार्व्हा म्हणाली. सुकाणूवरचा हात तिनं हलवला नाही.

बेटावरचा रिवाजच तसा. होडीचा मालक व्हायचं तर डोंगर बुडवायचा. बेटावरचा डोंगर आभाळ-पाणी टेकतं त्या रेघेखाली जाईपर्यंत होडी न्यायची, मग आपल्याच अकलेनं परत आणायची. सुकाणूवाल्यानं फक्त पुढं बघायचं. मागचा डोंगर बघतो तो साक्षीदार. आज साक्षीदार काका. तिच्या समोरच्या फळीवर, बेटाकडे तोंड करून बसलेले. होडी मार्व्हाच्या बापाची. तो मागच्या वादळात त्या रेघेपलीकडे गेला तो गेलाच.

"लेनॉक्स म्हणतो, मार्व्हा घाबरून दुपारीच नारळातली मासळी खायला घरी येईल."

"त्याला म्हणावं, माझ्या वाटची पण खा."

वारा वाढला. होडी एका लाटेवरून धपकन खाली आली आणि काका ओरडले, "बुडाला! वळव!"

मार्व्हानं बघितलं. काका फळीवर नव्हते. कधी घसरले कोण जाणे, होडीच्या तळाशी टोपलीला टेकून बसले होते. हनुवटी काठाच्या जेमतेम वर. तिथून कुणाचाही डोंगर बुडेल.

"काका, उठा."

"साक्षीदार मी आहे का तू?"

"उभं राहून सांगा."

 काका हळूच म्हणाले, "एक भाऊ ठेवलाय गं तिकडं. तुला नाही ठेवायचं."

"आज फसवून वळले, तर उद्या परत इथवर यायला धीर कुठून आणू? उठा."

काका उठले. डोलकाठी धरून बेटाकडे बघितलं आणि तोंड वाकडं केलं. "आहे. शेंडा आहे अजून."

मार्व्हानं शिडाचा दोर आणखी ओढला.

होडी बराच वेळ पुढं जात राहिली. निळं पाणी काळं झालं. पुढं नुसती रेघ, रेघेवर काहीच नाही. एकदा तिची मान आपोआप वळायला लागली. तिनं दात आवळले.

"काका?"

काका फळीवर चढले होते. डोलकाठीला मिठी मारून, टाचा उचलून. होडी हिंदकळत होती आणि म्हातारा बेटाकडे मान ताणत होता.

"उतरा, पडाल!"

"थांब गं, घाई नको करू. पुरता बुडू दे. उद्या कुणी म्हणायला नको, काकानं बसून पाहिलं."